आईचे माहेरचे नाव

आई,

तुझं माहेरचं नाव काय, एवढ्या एका प्रश्नावर माझं घोडं अडलं, आणि ज्यांना विचारावं ती माणसं एकेक करून निघून गेलेली. तू गेलीस, मागोमाग बाबा गेले, आत्याही गेली. मी अमेरिकेला निघाले त्याआधी तू आणि मी शनिवार पेठेतल्या त्या सायबर कॅफेत जाऊन माझं ईमेलचं खातं उघडलं होतं, ते तुला आठवत असेल. ते खातं मी कित्येक वर्षांत उघडलं नव्हतं. मध्यंतरी कंपनीकडून माझ्या दुसऱ्या पत्त्यावर निरोप आला की फार दिवस न वापरलेली खाती त्या महिनाअखेरीस बंद होणार, आत जे काही असेल त्यासकट. आत तुझी पत्रं होती. मी तिकडे असताना दर रविवारी तू कॅफेत जाऊन लिहायचीस ती सगळी. दुसरीकडे कुठे ती नाहीत. मी छापून ठेवली नाहीत, उतरवून घेतली नाहीत. इंटरनेटवर आहे म्हणजे बँकेतल्या लॉकरात आहे, असं त्या वेळी आम्हा सगळ्यांनाच वाटायचं.

पासवर्ड आठवत नव्हता. फोन नंबर दिला होता तो आपल्या जुन्या घरातल्या लँडलाइनचा, म्हणजे तिथे काही निरोप पाठवला असेलच तर तो कोणी उचलला नसणार. राहिली एकच वाट. पडद्यावर एक प्रश्न येतो, त्याचं खातं उघडताना दिलेलं उत्तर द्यायचं, की दार उघडतं. प्रश्न होता, 'आपल्या आईचे माहेरचे नाव?' खाली एक रिकामी चौकट. त्या चौकटीसमोर मी पन्नाशीला टेकलेली बाई गालाला हात लावून बसले होते. पोटासाठी मी करते काय, तर हिंजवडीतल्या एका कंपनीत अशीच लॉगिनची पानं तपासते. लोकांना जे छळणार असतं ते आधी मला छळून बघतं, आणि मग बाजारात जातं. म्हणजे राग काढायचा तर तोही घरच्याच माणसावर.

तुझ्या वेळी माणसाला आपण कोण हे वर्षातून एखाददुसऱ्या वेळी सांगावं लागायचं. रेशनकार्ड दाखवलं की काम व्हायचं. आता सकाळी दूधवाल्याचे पैसे भागवायचे तरी आपण आपणच आहोत हे सिद्ध करावं लागतं. परवा बँकेच्या अॅपने चेहरा दाखवा म्हणून सांगितलं. दाखवला. डोळे मिचकावा. मिचकावले. मान डावीकडे वळवा. वळवली. चेहरा जुळत नाही, म्हणे. जुळणार कसा? त्यांच्याकडे फोटो आहे तो तुझ्या नातीने काढून दिलेला, आणि त्यात मी जशी आहे तशी मी कधीच नव्हते. आमच्या ऑफिसने फर्मान काढलं होतं की सगळ्यांनी आपापली प्रोफाइल ताजी करावी, प्रसन्न फोटो लावावा, स्वतःविषयी चार ओळी लिहाव्यात. मी आधार कार्डावरचा लावणार होते. पोरगी म्हणाली, "आई, प्लीज. तो फोटो लावलास तर लोकांना वाटेल तुला कोणीतरी अटक केलीये. थांब, मी करते." तिने मला खिडकीशी बसवलं, हनुवटी वर करायला लावली, आणि मग फोनवर बोट फिरवत डोळ्यांखालचं काळं पुसलं, कपाळावरच्या दोन आठ्या काढून टाकल्या. "एक ठेवते," म्हणाली, "नॅचरल दिसायला." पुढे बँकेलाही मी तोच फोटो दिला. त्या प्रोफाइलवर माझं नाव आहे तेही अर्धंच. अमेरिकेत साहेबाला माझं नाव उच्चारता येईना, त्याने ते मधोमध कापलं, आणि परत आले तरी मागचा अर्धा भाग काही परत आला नाही. ऑफिसात, कार्डावर, ईमेलच्या सहीत, सगळीकडे मी अर्धी. मला त्याचं काही वाटायचं नाही. खरं तर बरंच वाटायचं, कारण ते पूर्ण नाव मला शाळेपासून आवडत नव्हतं, हे तुला चांगलं ठाऊक होतं.

तुझं मात्र कुठे काहीच नाही. तुझा आवाज कोणी टेप केला नाही. फोटो आहेत, पण प्रत्येक फोटोत तू कोणाच्या तरी मागे, नाहीतर हातात ताट घेऊन चाललेली. मुलीला तुला दाखवायचं म्हटलं तर मला बोटाने सांगावं लागतं, ही बघ, ही अर्धी दिसतेय ती आजी. म्हणून मला ती पत्रं हवी होती. त्यांतली तीनचारच मला धड आठवतात. तू इंग्रजी अक्षरांत मराठी लिहायचीस, मध्ये ना स्वल्पविराम ना पूर्णविराम. एकदा लिहिलंस की कात्रजला गेलो होतो तुझ्या बाबांना साप बघायचे होते साप झोपले होते. एकदा लिहिलंस की स्वारगेटला बसची वाट बघताना एका बाईने विचारलं मुलगी कुठे असते मी अमेरिका सांगितलं तिला खोटं वाटलं मीही जास्त जोर दिला नाही. एकदा नुसतं, दोडका केला होता तू नाहीस तर संपला नाही. बाकीच्यांत काय होतं ते मला आठवत नाही, आणि त्या न आठवणाऱ्यांसाठीच माझा जीव खालीवर होत होता.

त्या कॅफेतला दिवस मी डोक्यात पुन्हा पुन्हा चालवून पाहिला. प्लायवूडच्या पार्टिशनची छोटी खोली आहे, बाहेर चपलांचा ढीग आहे. मी खुर्चीवर, तू माझ्या मागे पर्स छातीशी धरून उभी. मालक येतो आणि म्हणतो, "अहो, एका मशीनवर एकच माणूस. दुसऱ्यांनी बाहेर थांबायचं." तू शांतपणे म्हणतेस, "मी माणूस नाही. तिची आई आहे." तरी तो हलत नाही, आपल्या मागेच घुटमळतो. मी पान भरत जाते, नाव, गाव, जन्मतारीख. मग तो प्रश्न येतो, इंग्रजीत, आणि मी मान न वळवता विचारते, "आई, तुझं माहेरचं नाव काय लिहू?" तू मागे मालकाकडे बघतेस. मी पुन्हा विचारते. तू म्हणतेस, "सगळ्यांदेखत काय विचारतेस? सरक." मी खुर्चीवरून उठते, तू बसतेस, आणि मालक लगेच म्हणतो की ताई, आता तुम्ही बाहेर थांबा. मी त्याच्याशी हुज्जत घालायला वळते. तेवढ्यात तू एका बोटाने एकेक अक्षर शोधून टिपत असतेस. सरकारी कचेरीत मराठी टंकयंत्रावर आयुष्य काढलेली तू, खाली न बघता पानंच्या पानं टाइप करणारी, आणि त्या इंग्रजी कळफलकासमोर तुझा चेहरा असा की कोणीतरी तुझी भांडी दुसऱ्याच फळीवर लावून ठेवली आहेत. मी वळून बघते तो पान पुढे गेलेलं. "काय लिहिलंस?" "विचारलं ते लिहिलं." एवढंच. तुझ्याकडून याहून जास्त उत्तर मिळायचं नाही, आणि मला अमेरिकेची घाई.

तर आता मी आधी तुझं माहेरचं आडनाव लिहिलं. उत्तर चुकीचे. स्पेलिंग बदललं, शेवटी एक अक्षर वाढवलं, एक काढलं. चुकीचे, चुकीचे. मग पानाने सांगितलं की आपण खूप वेळा प्रयत्न केला आहे, उद्या या. सरकारी कचेरीतला बाबू निदान डोळ्याला डोळा भिडवून तरी उद्या या म्हणायचा. दुसऱ्या दिवशी मी यवतमाळला मामाला फोन लावला. तुझ्या माहेरच्यांपैकी आता तो एकटाच उरला आहे, आणि त्याला ऐकू कमी येतं, म्हणून दोघांनाही ओरडावं लागतं. "मामा, आपलं आडनाव आईच्या शाळेच्या दाखल्यावर कसं लिहिलं होतं?" तो म्हणाला, "काऊन वं, जमिनीचं काई निंगालं काय?" मी म्हटलं, नाही मामा, कॉम्प्युटरला हवंय. तो म्हणाला, "कॉम्प्युटरले आपलं आडनाव कायले पायजे?" मी माझाच प्रश्न पुन्हा ओरडून विचारला. त्याने सांगितलं तसं लिहून पाहिलं. चुकीचे.

मला कळायला फार दिवस लागले, आणि कळलं तेव्हा स्वतःचाच संताप आला. प्रश्न ज्यांनी बनवला त्या गोऱ्या लोकांत बाई लग्नानंतर आडनाव बदलते, म्हणून त्यांना माहेरचं आडनाव हवं असतं. आपल्याकडे तेवढ्यावर कुठे भागतं? ताटात तांदूळ पसरायचे, अंगठीने त्यावर नवं नाव लिहायचं, आणि पोरगी मांडवात बसल्या जागी नखशिखांत दुसरी होऊन उठते. तुझंही तसंच झालं असणार. ज्या नावाने मी तुला ओळखते, ज्या नावाने तुझा पगार व्हायचा, जे बाबांनी तुझ्या निधनाच्या बातमीत छापलं, ते नाव तुला वऱ्हाडातून पुण्यात येताना मिळालेलं. मग त्याआधी तू कोण होतीस? तुला कोणी माहेरचं नाव विचारलं तर तू आडनाव कशाला सांगशील? आजी तुला बाई म्हणायची, मामा बाई म्हणायचा, मीही सुट्टीत तिकडे गेले की तुला बाई म्हणूनच हाका ऐकायचे. तुला त्याखाली दुसरं एक नाव असेल हे माझ्या डोक्यातच कधी आलं नाही. जगातल्या सगळ्या पानांवर माझा आगापीछा लिहून बसले, आणि आईचं नाव माहीत नाही.

पुन्हा मामाला फोन. या वेळी मी ओरडून विचारलं, "आडनाव नाही मामा, नाव. लग्नाआधी आईचं नाव काय होतं?" त्याने मला तो प्रश्न दोनदा म्हणायला लावला. मग तो म्हणाला, "तुले माईत नाई?" मी म्हटलं नाही. "खरंच माईत नाई वं तुले?" नाही हो मामा. तो हसायला लागला, आणि हसता हसता मध्येच थांबला. "अवं, तुह्यंच नाव हाय ते." मी म्हटलं, माझं नाही, आईचं विचारतेय. तो म्हणाला, "तेच सांगून रायलो न मी. बाईचं नाव तेच होतं. तुह्या बारशात तिनं तुह्या आत्याच्या कानात तेच सांगतलं. लग्नाले वर्सं झालती, सासरी कोनाच्या ध्यानात होतं तिचं नाव? जावाईबापूले, तुह्या बाबाले, माईत होतं. ते काई बोलले नाई." मी विचारलं, तुला कोणी सांगितलं? "तिनंच सांगतलं. म्हने नाव वाया जाऊ द्याचं नाई. अन म्हने पोरीले सांगू नको, उगाच वझं व्हईन." त्यानंतर तो माझ्या गुडघ्यांची चौकशी करायला लागला, आणि मी काहीतरी उत्तरं देत राहिले.

आई, मला तुझा इतका राग आला की मी गॅसवर ठेवलेलं दूध उतू जाताना बघत उभी राहिले. वाया जाऊ द्यायचं नाही. जुन्या साडीचा पडदा करावा, उरलेल्या भाताचा फोडणीचा भात करावा, तसं तू स्वतःचं नाव मला केलंस, आणि मला सांगितलं नाहीस. मी त्या नावावरून तुझ्याशी किती भांडले. शाळेत मुली चिडवायच्या, बाई हजेरी घेताना माझं नाव आलं की मागून हसू यायचं, कारण माझ्या वयाच्या कोणाचंच असलं जुनाट नाव नव्हतं. मी घरी येऊन दप्तर आपटायचे. कुठून काढलंत हे नाव, विचारायचे. तू पोळी लाटत म्हणायचीस, "बदलून घे मोठी झालीस की. सगळ्याच घेतात." ते मला टोमणा वाटायचं. आता वाटतं की तू फक्त जे घडतं ते सांगत होतीस, आणि मी मात्र त्यावर पाय आपटत आत जायचे.

माझ्या लग्नात तर तू कहर केलास. यांनी माझ्यासाठी छान नाव निवडलं होतं, आधुनिक, दोनच अक्षरी, मला पसंत होतं. ताट आलं, तांदूळ पसरले, गुरुजींनी अंगठी यांच्या हातात दिली, आणि तू मध्येच म्हणालीस, "नाव तेच राहील." सासूबाई हसत म्हणाल्या, "अहो विहीणबाई, रीत आहे आपली." तू म्हणालीस, "असेल. नाव तेच राहील." तुझा आवाज चढलाही नव्हता, पण यांनी गुमान जुनंच नाव लिहिलं. लोकांना वाटलं काय सुधारक आई आहे. मी जेवताना तुझ्याशी बोलले नाही. पहिल्या सणाला माहेरी आले तेव्हा स्वयंपाकघरात तुला गाठलं आणि विचारलं, तुला माझ्या नावाचं एवढं काय पडलंय? तू कांदा चिरत होतीस. कचेरीत दिवसभर तू लोकांच्या नावबदलाच्या जाहिराती टाइप करायचीस, मी अमुक यापुढे तमुक या नावाने ओळखली जाईन, असल्या. तू वर न बघता म्हणालीस, "नाव बदलायला अर्ज लागतो. तुझा मी टाइप करणार नाही." मला वाटलं विनोद केलास. चिडून हसलेसुद्धा. तेव्हा एक वाक्य पुढे बोलली असतीस तर तुझं काय गेलं असतं? की अगं, ते माझं आहे. एवढं एकच. मी बदललं नसतं. निदान साहेबाला ते मधोमध कापू दिलं नसतं. ओझं होईल म्हणे. आणि हे आता जे झालंय ते काय आहे? आता तुझ्याशी भांडायलाही तू नाहीस.

मग मी चौकटीसमोर बसले आणि उत्तर म्हणून माझं नाव लिहिलं. पूर्ण. कित्येक वर्षांत मी ते कुठे पूर्ण लिहिलं नव्हतं. बटण दाबलं, आणि लाल अक्षरांत ओळ आली, 'उत्तरात खातेदाराचे नाव असू शकत नाही.' उत्तर चूक आहे असंही नाही. ते तपासायलाच घेतलं नाही. आई, हा नियम मला तोंडपाठ आहे. लोक आळशीपणाने उत्तराच्या जागी स्वतःचंच नाव लिहितात आणि मग चोराला ते सहज सापडतं, म्हणून अलीकडे सगळीकडे तो लावतात. आम्हीही लावतो. आमच्या पानांवर तो नीट चालतो की नाही हे मीच तपासते. पण आपण खातं उघडलं तेव्हा तो नव्हता, तुझं उत्तर त्यांनी मुकाट घेतलं होतं, आणि आता जुन्या उत्तरांनाही नवा नियम लावून कोणी शहाणा मोकळा झाला होता. माझ्या हाताखालच्या पोरांनी असं केलं असतं तर मी त्यांना उभं केलं असतं. मी अर्धं नाव लिहून पाहिलं, ते मात्र घेतलं, आणि सांगितलं की उत्तर चुकीचे. एवढं एक त्याचं बरोबर होतं.

तक्रार केली. त्यांच्या मदतकेंद्राची खिडकी उघडते, तिथे कोणीतरी लिहितं, ते माणूस असतं की नसतं देव जाणे. मी सगळं सविस्तर लिहिलं. उत्तर आलं, 'आपल्याला झालेल्या गैरसोयीबद्दल दिलगीर आहोत. कृपया वेगळे उत्तर वापरून पाहा.' मी लिहिलं, वेगळं उत्तर नाही, माझ्या आईचं नाव हेच होतं. थोड्या वेळाने ओळ आली, 'सुरक्षेच्या दृष्टीने आपल्या आईचे नाव आपल्या नावापेक्षा वेगळे असणे आवश्यक आहे.' मी खुर्चीत मागे टेकून हसले, आणि मग मला रडू आलं. पोरगी आतून धावत आली. मी तिला पडदा दाखवला, मामाचं बोलणं सांगितलं. तिने दोनदा वाचलं. म्हणाली, "म्हणजे आजीचं नाव आणि तुझं नाव सेम? आणि तुला कुणी सांगितलंच नाही? आई, दिस इज सो अनफेअर." मग तिने माझ्या हातातून लॅपटॉप ओढून घेतला आणि त्या मदतकेंद्राशी इंग्रजीत अशी काही भांडली की मला तिच्यात तू दिसलीस. "माझी आजी हे नाव घेऊन जन्माला आली होती, तुमचा नियम नंतर आलाय," असं काहीतरी तिने लिहिलं. त्यांनी तिलाही दिलगिरी व्यक्त करून दाखवली.

महिना संपेपर्यंत मी रोज लिहीत राहिले. ओळखीतून कोणी त्या कंपनीत आहे का ते शोधलं. ओळखीचे निघाले, पण ते म्हणाले की तिथे बसून त्यांनाही आत शिरता येत नाही. माझं पासपोर्टचं पान पाठवलं, तुझा मृत्यूचा दाखला पाठवला. दाखल्यावर तुझं सासरचं नाव, त्यामुळे त्यांच्या लेखी ती भलतीच बाई. पहिल्या तारखेला सकाळी पान उघडलं तर प्रश्नच नव्हता. असे कोणतेही खाते अस्तित्वात नाही, एवढं लिहिलेलं. मी चहा केला, डबा भरला, ऑफिसला गेले. दिवसभर लोकांच्या लॉगिनच्या पानांतल्या चुका काढल्या. त्या नियमाविषयी आमच्याकडच्या लोकांना मेल लिहिली, की आई आणि मुलीचं नाव एक असू शकतं, जुनी उत्तरं नाकारू नयेत. एकाने उत्तर पाठवलं, "असं प्रत्यक्षात कुठे होत नाही, प्रायॉरिटी कमी ठेवतोय."

हे सगळं मी ऑफिसच्या कॉम्प्युटरवर लिहिते आहे, आणि ते कुठे जाणार नाही. तुझा स्वतःचा पत्ता होता तोही त्याच ईमेलवाल्या कंपनीचा, तो तर माझ्याआधीच पुसला गेला असेल. त्या न आठवणाऱ्या पत्रांत काय होतं ते आता मला कधी कळणार नाही, आणि त्याबद्दल मी कोणालाही माफ करणार नाही, तुलाही नाही. मात्र एक कबूल करते. एवढं रामायण होऊनही ते नाव मला अजून आवडत नाही. जुनाट आहे, लांबलचक आहे, तुला तरी ते आवडायचं की नाही, हे मामाला विचारायचं माझ्याकडून राहिलंच. पण काल मीटिंगमध्ये इथल्या साहेबाने मला नेहमीच्या अर्ध्या नावाने हाक मारली, आणि मी ओ दिली नाही. त्याने पुन्हा मारली. शेजारच्या मुलीने कोपराने ढोसलं तेव्हा मी मान वर केली. मुद्दाम नाही केलं आई. मला खरंच वाटलं, दुसऱ्या कोणाला तरी बोलावताहेत.